संतिणीच्या व्हिसावर आलेली बाई

भिंतीवरचं चित्र लोक पुढून बघतात, आम्ही फ्रेमवाले आधी मागून बघतो. बावीस वर्षं शारजाच्या रोल्ला भागात आमचं फ्रेमचं दुकान होतं आणि त्या काळात हजारो चित्रांच्या पाठी माझ्या हाताखालून गेल्या. कुणाच्या पाठीला झुरळाची अंडी, कुणाच्या पाठीला पंचवीस वर्षांपूर्वीचं मल्याळी वर्तमानपत्र, एका निसर्गचित्रामागे तर नवऱ्याने लपवलेली प्रेमपत्रं. ती आम्ही जशीच्या तशी परत आत घातली. गिऱ्हाईक बायको होती, पण आमचं काम फ्रेमचं होतं.

दुकान ह्यांच्या नावावर. माप, लाकूड, गिऱ्हाइकाशी घासाघीस ह्यांच्याकडे. सुतारकाम वर्गीसकडे, हा कोट्टायमचा, पन्नाशीचा, अतिशय धार्मिक आणि अतिशय रागीट. माझ्याकडे सोनं. म्हणजे दागिने नव्हेत, वर्ख. माझे वडील सावंतवाडीचे. गोव्यातल्या चर्चमधल्या वेदींना सोन्याचा वर्ख लावायला त्यांना बोलावणं यायचं. लहानपणी मी त्यांच्या शेजारी बसून ते शिकले. वर्खाचं पान इतकं पातळ असतं की बोटाने उचललं तर बोटावरच संपतं. मऊ ब्रश आपल्या गालावर एकदा फिरवायचा, गालाचं किंचितसं तेल त्याला लागतं, आणि त्या ब्रशला पान येऊन चिकटतं. तेवढा वेळ एसी बंद, पंखा बंद, श्वास बंद. शारजाच्या ऑगस्टमध्ये एसी बंद करून वर्ख लावणं म्हणजे काय, ते ज्याने केलंय त्यालाच कळेल.

येणारं काम बहुतेक साधं असायचं. डिग्री सर्टिफिकेटं, कुराणातल्या आयती, शेखांचे फोटो, गणपती, लग्नाचे फोटो. आणि लेबर कॅम्पवर राहणाऱ्या आपल्याकडच्या माणसांचे आईवडिलांचे फोटो. त्यातल्याच एका फोटोने मला आयुष्यभराची अद्दल घडवली, ती आधी सांगते.

दुकान सुरू होऊन दोनच वर्षं झाली होती. गुहागरकडचा शांताराम नावाचा एक गवंडी आईचा फोटो घेऊन आला. जगात तेवढा एकच फोटो. दमट हवेने फोटो आतून काचेला चिकटला होता. मी तरुण होते, हातात कला आहे अशी घमेंड होती. "सोडवते की," म्हटलं आणि कोपऱ्यातून अलगद ओढला. कागद सुटला. आईचा चेहरा मात्र काचेवर राहिला, तोही तुकड्यातुकड्यांनी. शांतारामने उरलेला कागद हातात घेतला आणि म्हणाला, "असू दे वहिनी. पदर तरी राहिला." तो चिडला असता, भांडला असता तर बरं झालं असतं. त्या दिवसापासून मी ठरवलं, जे परत पहिल्यासारखं करता येणार नाही ते करायचं नाही.

म्हणूनच नव्वदच्या दशकाच्या मध्यावर, जुलैच्या भर उन्हात मार्को आमच्या दुकानात आला तेव्हा मी आधी चार पावलं मागे सरले.

मार्को इटालियन, रुवैसला रिफायनरीत इंजिनियर. पन्नाशी ओलांडलेला, उंच, घामाने निथळत होता. त्याच्या ऑफिसातल्या कुणी मराठी माणसाने आमच्याकडून गणपती फ्रेम करून नेला होता, म्हणून चार तास गाडी चालवून तो रोल्लाला पोचला होता. हातात बीचवर वापरायच्या मोठ्या टॉवेलात गुंडाळलेलं काहीतरी, लहान मुलाला धरावं तसं छातीशी धरलेलं. काउंटरवर ठेवून त्याने टॉवेल उलगडला.

आत एक बाई होती. लाकडी फळीवर रंगवलेली, वीतभर रुंद आणि दीड वीत उंच. हिरवा झगा, केसांवर पातळ ओढणी, कानात एक मोती, आणि डोक्यामागे तेजोवलय. ती किंचित बाजूला वळून आपल्याकडे बघत होती. तोंडावर असा भाव, की कुणीतरी आता विनोद सांगणार आहे आणि तो तिला आधीच माहीत आहे. आमची केतकी तेव्हा अकरा वर्षांची. शाळेतून येऊन दप्तर टाकता टाकता तिने बघितलं आणि म्हणाली, "आई, शी इज ट्राइंग नॉट टू लाफ."

पण वरपासून खालपर्यंत, कानाच्या बाजूने, फळीला सरळ भेग गेली होती. बोटाचं नख जाईल एवढी.

मार्कोने हकिगत सांगितली. हे चित्र त्यांच्या घरात कधीपासून आहे कुणालाच ठाऊक नाही. जाणकारांनी पाहून सांगितलं होतं की चित्र पाचशे वर्षांपूर्वीचं, प्रबोधनकाळातलं. पण ही कोण, यावर घरात एकमत नाही. त्याचे आजोबा म्हणत, कुठल्या तरी ड्यूकची बायको. त्यांनी मागे तसा कागदही चिकटवून ठेवला होता. त्याची आई म्हणते, ही संतीण. ती रोज सकाळी तिच्यासमोर प्रार्थना करते. वडील गेल्यापासून आई गावी एकटी. शंभरदा विनवल्यावर ती रुवैसला मुलाकडे राहायला तयार झाली, ते एका अटीवर. आधी संतीण जाईल, मग मी येईन. म्हणून सामान समुद्रमार्गे पुढे आलं. कंटेनर बंदरावर उन्हात पडून राहिला, तिथून चित्र थेट एसीच्या खोलीत गेलं, आणि चौथ्या दिवशी फळी फाटली.

"आई पाच आठवड्यांनी येतेय," मार्को म्हणाला. "ही भेग बघितली की ती म्हणणार, संतिणीला इथं यायचं नव्हतं. आणि त्याच विमानाने परत जाणार. मग ती तिथे एकटीच मरेल, मॅडम."

ह्यांनी मला आत बोलावलं. "अगं, हे आपलं काम नाही. पाचशे वर्षांची वस्तू आहे. नाही म्हणून सांग."

ह्यांचं बरोबरच होतं. मीही नाही म्हणायलाच बाहेर आले. पण सवयीने चित्र उलटं केलं आणि पाठ बघितली. मग नाही म्हणता येईना, कारण रोग समोर दिसत होता. लाकूड श्वास घेतं. दमट हवेत फुगतं, कोरड्यात आकसतं. त्याला हलायला जागा लागते. इथे कुणीतरी फळी फ्रेमला चहूबाजूंनी खिळे ठोकून जखडून टाकली होती. एसीत फळी आकसायला गेली, खिळ्यांनी धरून ठेवलं, आणि ती मधे फाटली.

मी मार्कोला म्हटलं, "मी हिला बरं करणार नाही. फक्त मोकळं करीन. तेही तुमच्याकडचा कुणी खरा जाणकार फोनवर हो म्हणाला तर."

त्याने दुकानातूनच मिलानला फोन लावला. तिकडे पुरातन चित्रं दुरुस्त करणारे एक गृहस्थ होते. त्यांना मोडकंतोडकं इंग्रजी येत होतं, आणि माझं इंग्रजीही काही फार सरळ नव्हतं, त्यामुळे आमचं छान जमलं. ते म्हणाले, गोंद लावू नका, रंगाला हात लावू नका, खिळे एकेक करून काढा आणि फळीला वाट बघू द्या. "घाई करायची नाही, सिन्योरा. तिला काही घाई नाही."

मागच्या खोलीत तिची सोय केली. एसी रात्रंदिवस एकाच आकड्यावर, शेजारी परातीत पाणी, भिंतीवर हवेतला ओलावा दाखवणारं काटेवालं यंत्र. परात बघून वर्गीस म्हणाला, "भाभी, ये तो बाळंतिणीचा कमरा हो गया." 'बाळंतीण' हा शब्द तो आमच्याकडूनच शिकला होता आणि जिथे तिथे वापरायचा. पहिल्या दिवसापासून तो कामाला लागण्याआधी तिच्यासमोर उभा राहून छातीवर क्रूस काढी.

खिळे काढायला तीन दिवस लागले. फ्रेम सुटली आणि फ्रेमच्या कडेखाली झाकलेला चित्राचा भाग उघडा पडला. तिथले रंग इतके ताजे, की हिरवा झगा मुळात केवढा हिरवा होता ते तेव्हा कळलं. पण खालच्या कडेला मला जे दिसलं त्याने मी ह्यांना हाक मारली. तिच्या उजव्या हाताची बोटं आजवर फ्रेमखाली होती. तर्जनीला लाल धाग्याचे दोन वेढे होते, आणि तिथून धागा ताणलेला खाली जात होता. खाली म्हणजे कुठे? फळीच संपत होती.

ह्यांनी भिंग घेतलं. "हे बघ," ते म्हणाले. "तिन्ही बाजूंना कडेला बोटभर कोरं लाकूड सोडलंय. खाली मात्र रंग अगदी काठापर्यंत आहे. आणि करवतीच्या खुणा." कुणीतरी कधीकाळी खालचा भाग कापून टाकला होता. धाग्याच्या टोकाला जे काही होतं, ते त्याच्याबरोबर गेलं.

झालं. त्या आठवड्यात रोल्लामध्ये दुसरा विषय नव्हता. शेजारचा पठाण शिंपी म्हणाला, पतंग. समोरच्या हॉटेलातले कुडाळकर म्हणाले, "गळ असतलो. खाली मासो." आमची जुनी गिऱ्हाईक उम्म खालिद, इथलीच अरब बाई, नातवाचा फोटो न्यायला आली आणि अर्धा तास खुर्ची टाकून बसली. "हबीबती, यात विचार कसला? ससाणा. बाईच्या डोळ्यांत बघ. शिकारी घराण्यातली आहे." केतकी म्हणाली, कुत्र्याचं पिल्लू. ह्यांनी मत दिलं नाही, पण एकदा जेवताना अचानक म्हणाले, "रांगतं मूल असेल. एका हाताने शिवण, दुसऱ्या हाताने त्याला धाग्याने धरलेलं." मग आपलेच आपण लाजून ताटात बघू लागले.

मला मात्र दुसऱ्याच गोष्टीने घेरलं होतं. ते वलय. इतके दिवस मी ते लांबून, मिणमिणत्या उजेडात बघत होते. एका सकाळी ते खिडकीच्या उजेडात जवळून पाहिलं. खरं सोनं काळवंडत नाही, हिरवं पडत नाही. हे वलय कडेकडेने हिरवट तपकिरी झालं होतं. ते सोनं नव्हतंच, पितळी भुकटीचा रंग होता, दुकानांच्या पाट्या रंगवतात तो. आणि तो रंग जुन्या रंगाच्या भेगांमध्ये उतरला होता. म्हणजे चित्र जुनं झालं, त्याला भेगा पडल्या, आणि त्यानंतर कधीतरी कुणीतरी हिला संतीण केलं.

वर्गीसला सांगू की नको असं झालं. शेवटी सांगितलं. तो रागावेल असं वाटलं होतं. त्याने चष्मा पुसून वलय जवळून बघितलं. मग म्हणाला, "भाभी, मेरे व्हिसापे क्या लिखा है मालूम? टेलर. अठरा साल से रंधा मार रहा हूँ. आपके व्हिसापे क्या है?"

"हाउसवाइफ," मी म्हटलं. तेव्हा मी वर्ख लावलेल्या फ्रेमा तीन अमिरातींत लटकत होत्या.

"तो फिर? ये सेंट के व्हिसापे आयी है. काम बराबर करती है ना?" आणि त्याने नेहमीप्रमाणे क्रूस काढला आणि रंधा उचलला.

मार्कोला फोनवर सांगितलं, तो मात्र हादरला. "आईला हे कळता कामा नये. तिची पन्नास-साठ वर्षांची श्रद्धा आहे. प्लीज." मी हो म्हटलं. पण मनाला रुखरुख लागली. भिंतीवर टांगलेल्या बाईबद्दल जे आम्हाला कळलं, ते तिच्या मालकिणीपासून लपवायचं, हे काही मला पटत नव्हतं.

तीन आठवड्यांत, आपलं आपण, फळी सावकाश सैलावली आणि भेग मिटत मिटत केसाएवढी उरली. आम्ही कुणीच काही केलं नव्हतं. मिलानचे गृहस्थ फोनवर इतके खूश झाले की पाच मिनिटं नुसतं इटालियनच बोलत होते.

मग नवी फ्रेम. ह्यांनी ती अशी आखली की चित्राची एकही कड झाकली जाऊ नये, बोट आणि धागा दिसावा. फळी मागून पितळेच्या लवचीक पट्ट्यांवर नुसती टेकवलेली, एकही खिळा नाही. मी चार दिवस बसून फ्रेमला खरा वर्ख लावला. शेवटचं पान टेकवत असताना वर्गीस शिंकला. पान उडालं ते थेट ह्यांच्या मिशीवर. मी आयुष्यात कधी ह्यांना इतकं राजबिंडं पाहिलं नव्हतं. घरी जाईपर्यंत त्यांनी ते पुसू दिलं नाही.

आजीबाई गुरुवारी रात्री येणार होत्या. मार्को म्हणाला, शुक्रवारी तुम्ही सगळेच या, जेवायलाच या. पहाटे दुकानाच्या पिकअपमध्ये हे, मी, केतकी आणि मांडीवर उशीत ठेवलेली ती बाई. मागून वर्गीस मित्राच्या गाडीतून. अबू धाबी मागे पडल्यावर एका बाजूला समुद्र, एका बाजूला वाळू. मी सगळ्या रस्त्यात एकच घोकत होते, आजीबाईंनी विचारलं तर काय सांगायचं.

आम्ही पोचलो तेव्हा त्या आदल्या रात्रीच्या विमानाने येऊन, आंघोळ करून, काळा झगा घालून तयार बसल्या होत्या. नाव आस्सुंता. ऐंशीच्या घरात, ठेंगण्या, चणीने आमच्या वेंगुर्ल्याच्या मावशीसारख्या. चित्र टेबलावर उभं केलं. मार्को भेगेच्या बाजूला असा उभा राहिला की अंगाची सावली तिथे पडावी.

आजीबाईंनी भेगेकडे पाहिलंसुद्धा नाही. त्या वाकल्या आणि बोट थेट खालच्या कडेला नेलं. इटालियनमध्ये काहीतरी विचारलं.

"धागा कसला, विचारतेय," मार्को म्हणाला.

मी सांगितलं. धागा, कापलेली फळी, रोल्लातल्या सगळ्यांचे अंदाज. मार्को भाषांतर करत होता, आजीबाई मान डोलवत होत्या. ससाण्याला त्या "ब्राव्हा!" म्हणाल्या. मग त्यांनी माझा हात हातात घेतला, माझी बोटं उलटसुलट करून बघितली. नखांच्या कडेला वर्ख अडकलेला होता. त्यांनी वलयाकडे बोट केलं आणि सरळ मला विचारलं. मार्कोने भाषांतर टाळलं. त्यांनी पुन्हा विचारलं.

"ती विचारतेय," मार्को कसाबसा म्हणाला, "तुम्ही सोन्याचं काम करता. हे सोनं आहे का?"

मार्को माझ्याकडे डोळ्यांनी विनवत होता. मी त्याला शब्द दिला होता. पण म्हातारी माझी बोटं धरून उभी होती, आणि वर्खाबद्दल मला खोटं बोलता येत नाही. मी मान हलवली. नाही.

आजीबाई हसायला लागल्या. आधी हळू, मग खुर्चीत बसून, मग डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. आणि सांगू लागल्या. मार्को भाषांतर करताना मधेच थांबायचा, "मम्मा!" म्हणून ओरडायचा, आणि पुढे सांगायचा.

त्या एकोणीस वर्षांच्या असताना लग्न होऊन त्या घरात आल्या. नवऱ्याच्या खोलीत, पलंगासमोर, ही. नवरा सकाळी डोळे उघडून आधी हिच्याकडे बघे. देखणी, हसरी, कानात मोती. आस्सुंताच्या कानात काहीच नव्हतं. तीन महिने सहन केलं. मग नवरा गुरांच्या बाजाराला गेला असताना तिने गावातल्या न्हाव्याच्या दुकानाची पाटी रंगवणाऱ्याला बोलावलं, त्याला मजुरी म्हणून अंडी दिली, आणि हिच्या डोक्यामागे वलय काढून घेतलं. नवरा आला तेव्हा म्हणाली, पाद्रीबाबांनी ओळखलं, ही संतीण आहे. नवरा इतका भाविक, की त्याने चित्र पलंगासमोरून काढून जेवणघरात लावलं आणि मरेपर्यंत तिच्यासमोर टोपी काढत राहिला.

"पण मम्मा, तू रोज प्रार्थना करतेस!"

आजीबाई गंभीर झाल्या. "तू दोन वर्षांचा होतास. ताप उतरेना, बर्फ पडलेला, डॉक्टर येईना. घरात मागायला दुसरं कोण होतं? मी हिच्यासमोर गुडघे टेकले. म्हटलं, लबाडी माझी आहे, पोराची नाही. पहाटे तुझा ताप उतरला. त्यानंतर मी तिच्याकडे मागत आले, ती देत आली. परवासुद्धा मागितलं, की परक्या देशात मला एकटं पडू देऊ नको. आणि इथे दाराशी एवढी माणसं उभी."

वर्गीस मागे नाक ओढत होता.

मी मार्कोकरवी सांगितलं की मिलानचे गृहस्थ वलय अलगद काढून देऊ शकतील, खालची बाई होती तशी दिसेल. आजीबाईंनी विचार केला. "नको," म्हणाल्या. "मी जाईपर्यंत राहू दे. मला ती अशीच ओळखते."

मग जेवणं झाली. आजीबाईंनी सकाळपासून खपून केलेल्या शेवया, आमच्या घरून नेलेला सोलकढीचा जार, वर्गीसच्या बायकोने केलेला केळ्याचा केक. आजीबाईंनी सोलकढीचे तीन ग्लास घेतले. चित्र कुठे लावायचं यावर वाद झाला. मार्को म्हणाला, तुझ्या खोलीत. त्या म्हणाल्या, छे, इथे, टेबलासमोर, माणसांत. ह्यांनी आतल्या भिंतीवर, एसीच्या झोतापासून लांब जागा शोधली, वर्गीसने भोक पाडलं, आणि चित्र टांगलं.

कॉफी आली तरी धाग्यावरची चर्चा संपेना. पिल्लू, पतंग, मासा, ससाणा. ह्यांनी धीर करून रांगत्या मुलाचं सांगितलं, तेव्हा आजीबाईंनी उठून ह्यांच्या गालाचा मुका घेतला आणि हे मिशीपर्यंत लाल झाले. शेवटी त्यांनी चमच्याने कप वाजवून सगळ्यांना गप्प केलं. खुर्ची चित्राकडे वळवली, हातांची घडी घातली आणि तिला इटालियनमध्ये काही विचारलं.

"काय म्हणाली?" मी मार्कोला हळूच विचारलं.

"म्हणाली, बये, आता आपण दोघीही म्हाताऱ्या झालो. आता तरी सांग, तू कोण?"

आणि खरं सांगते, आम्ही सातवी-आठवी शिकलेले आणि इंजिनियर झालेले, हिंदू-ख्रिश्चन, लहानमोठे सगळेच माना वर करून, कप हातात तसेच धरून, ती काय म्हणते याची वाट बघत राहिलो.